पसंत नाय पडली तर परत

११ नोव्हेंबर, मंगळवार

घेतली! घेतली! घेतली!

अक्षर कसलं येतंय हे! पोस्टाच्या काउंटरवर आयुष्य गेलं पावत्या लिहिण्यात, एक काना वाकडा गेला नाही कधी. आणि आज हे कोंबडीचे पाय.

निळी आहे. अगदी निळी नाही — मोरपिशीकडे झुकणारी. खाली कुंपणाशी उभी आहे आणि मी सारखी गॅलरीत जाऊन बघतेय, आहे ना जागेवर. समोरच्या हेतलने शेवटी विचारलंच, "शशीबेन, काही पडलं का खाली?" मग सांगितलं. ती किंचाळली. मीही किंचाळले. एकसष्ट वर्षांची बाई जिन्यात उभी राहून किंचाळते!

यांना माहीत नाही. हे शाळेच्या मित्रांबरोबर राजस्थानात, पुढच्या बुधवारी येणार. तिकडे वाळवंटात म्हणे रेंज मिळत नाही. देव त्या वाळवंटाचं भलं करो.

यांना तर लायसन्सचंही माहीत नाही. दोन महिने रोज सकाळी "वडाळे तलावाला फिरायला जाते" म्हणून निघायचे आणि कोपऱ्यावर ड्रायव्हिंग क्लासच्या गाडीत बसायचे. एकदा म्हणाले, "एवढी चालतेस, पण फरक काही दिसत नाही बुवा." मी म्हटलं, "मला दिसतोय." सांगून शिकले असते तर काय झालं असतं ते मला पाठ आहे. "तुला नाही जमणार, शशी." लग्न झाल्यापासून ऐकतेय — स्कूटर, पोहणं, बँकेची परीक्षा. रागावून नाही हं, प्रेमानेच म्हणतात. तेच तर!

तर घेतली कशी. विचुंब्याच्या रस्त्याला पत्र्याची शेड आहे, पुढे जुन्या गाड्यांची रांग. मालक तुळशीराम. अंगाने भरलेला, गळ्यात चेन, जिभेवर गूळ. "ताई, सोनं हाय सोनं! येकाच हातची गाडी. कुटं ठोकलेली नाय, कुटं घासलेली नाय. दोन येअरबॅगा हायत. आमी खोटा बोलत नाय." आत टेबलाशी त्याची बायको सखूबाई भिजवलेले वाल सोलत बसली होती. जागा तिच्या बापाची, हे तिने मला पहिल्या दोन वाक्यांतच सांगून टाकलं.

मी विचारलं, घरी नेली आणि पसंत नाही पडली तर? (मनात — यांना पसंत नाही पडली तर?) "तर परत आना, ताई. सात दिवस."

"लिहून द्या."

हसला. म्हटलं, हसू नका, मी पोस्टातली आहे, तोंडी काही चालत नाही मला. मग बिलाच्या मागे लिहिलं — पसंत नाय पडली तर परत, ७ दिवस, ३०० किलोमीटरच्या आत. सही, शिक्का. पुढच्या बाजूला "अपघात झालेली नाही" हेही लिहून घेतलं. तो एवढ्या वेळा म्हणत होता, तर म्हटलं होऊन जाऊ दे.

त्या एका ओळीच्या जोरावर घेतली! हे ओरडले तर परत. एवढी सोय असती ना, तर मी आयुष्यात आणखी बऱ्याच गोष्टी केल्या असत्या.

चारुताला पुण्याला फोन केला. "आई! तू वेडी आहेस!" म्हणाली आणि अशी हसली, अशी हसली! लग्न होऊन गेल्यापासून लेकीचं असं हसू ऐकलं नव्हतं. हल्ली आवाज दमलेला असतो तिचा. ऑफिस, नवं घर, सगळंच.

१२ नोव्हेंबर, बुधवार

भाजीला गाडीने गेले. चालत गेलं तर भाजीवाली अगदी इथे आहे. गाडीने, जागा शोधण्यात, जुडी सुकायची वेळ आली. पण डिकी उघडून मेथी आत ठेवली आणि डिकी धाडकन बंद केली — काय तो आवाज!

उरण नाक्याला बंद पडली. म्हणजे मीच पाडली. मागे हॉर्नचा गदारोळ. शेजारचा रिक्षावाला वाकून म्हणाला, "मावशी, आधी पहिला गिअर, मग क्लच." मी म्हटलं, थँक यू. तो म्हणाला, "चुकलो, आधी क्लच!" दोघेही हसलो. कोणीही मेलं नाही.

१३ नोव्हेंबर, गुरुवार

हेतलला घेऊन आपट्याला. पाताळगंगेच्या काठी गाडी लावली, तिने थेपले आणले होते. पाय पाण्यात सोडून खाल्ले. ती सारखी मागे वळून बघत होती. म्हटलं काय बघतेस? "तुझी गाडी बघते. किती शहाण्यासारखी उभी आहे!"

खरंच शहाण्यासारखी उभी होती.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार

उरणला जाऊन आले. काम नव्हतं. संध्याकाळी परत गेले. तेव्हाही नव्हतं.

१५ नोव्हेंबर, शनिवार

अलिबाग!!

मी! वडखळचा तो रस्ता, ते कंटेनर, आणि मी! हेतलने आधी डोळे मिटून घेतले होते, पेणच्या पुढे उघडले, आणि पोयनाडनंतर दोघी गायला लागलो. तिला मराठी गाण्यांचे शब्द येत नाहीत, मला गुजराती. दोघी मोठमोठ्याने चुकीचे शब्द म्हणत होतो. एका ट्रकवाल्याने खिडकीतून बघितलं, त्याला मी हात केला.

यांचा फोन आला जैसलमेरहून. "काय करतेयस?" म्हटलं, काही नाही, समुद्र बघतेय. "टीव्हीवर?" म्हटलं, हो.

१६ नोव्हेंबर, रविवार

सकाळी बादली आणि शाम्पू घेऊन खाली. (डोक्याचा शाम्पू. गाडीचा वेगळा असतो म्हणे.) धुता धुता किलोमीटरच्या आकड्याकडे लक्ष गेलं. घेताना किती होता तो बिलावर लिहिलेला आहे. वजाबाकी केली. तीनशे? तीनशे कधीच मागे पडले!

आता परत नाही करता येणार. मग हसूच आलं. परत नाही करता येणार — म्हणजे माझीच झाली की! दोनदा उरणला कशाला गेले होते ते आत्ता कळलं. हे ओरडले तर ओरडू देत.

त्या आनंदात स्टिअरिंग जरा जास्तच घासलं. मधला गोल, ज्यावर एअरबॅग लिहिलेलं असतं, तो टपकन निघून मांडीवर पडला. आत कापडाचा बोळा. जांभळं, सोनेरी बुट्टीचं कापड, दाबून दाबून कोंबलेलं.

हेतल वाकून बघत म्हणाली, "एअरबॅग अशी असते?"

मी म्हटलं, बॅग म्हणजे पिशवी, कापडाचीच असणार. मग तिने एक टोक धरून ओढलं. येतच राहिलं, येतच राहिलं, जादूगाराच्या टोपीतून रुमाल यावेत तसं. चांगलं हातभर निघालं. चिंधी! गाडीच्या काळजात चिंधी!

हेतलच्या नवऱ्याने ओळखीच्या गॅरेजमधून माणूस बोलावला. त्याने बॉनेट उघडलं, खाली वाकला, पुढचा जोड दाखवला — वेल्डिंग करून, रंगवून साफ केलेला. गाडी समोरून जोरात ठोकलेली. बॅगा तेव्हाच फुटल्या, नवीन कोणी बसवल्याच नाहीत. इशाऱ्याचा दिवा लागू नये म्हणून त्याची वायरही कापलेली. हे सगळं त्याने कागदावर लिहून दिलं.

काल मी त्या कंटेनरांच्या मधून हेतलला घेऊन गाणी म्हणत गेले. समोर एक चिंधी आणि मागे आम्ही दोघी. तिचा नातू अजून रांगतोसुद्धा नाही. दुपारी जेवण गेलं नाही.

१७ नोव्हेंबर, सोमवार

रिक्षाने विचुंब्याला. तुळशीराम एकटाच होता. चिंधीचे आणि त्या जोडाचे फोटो दाखवले. क्षणभर त्याचा चेहरा उतरला, मी पाहिला. मग बिल मागितलं, उलटं केलं, तीनशेवर बोट ठेवलं.

"किती चालवली, ताई?"

सांगितलं.

"मंग? मी काय करू? तुमीच लिवून घेतलंय. आता नाय होनार."

माझ्याच हट्टाने लिहून घेतलेली ओळ माझ्याच तोंडावर! परत येताना रिक्षात डोळ्यांत पाणी आलं. दोनदा उरण. कोणी सांगितलं होतं? यांचा आवाज आपोआप कानात — "तुला नाही जमणार, शशी."

घरी आले, चहा केला, प्यायले नाही. मग मनात आलं — काउंटरवर रोज माणसं यायची, मुदत टळून गेलेली, तोंड पाडून. त्यांना मी काय म्हणायचे? आधी नियम विचारा, मग रडा. तर मी नियम विचारले. ग्राहक हेल्पलाइनला फोन लावला, १९१५. पलीकडे एक मुलगी, शांत आवाजाची. म्हणाली, मॅडम, वापरलेली गाडी अमुक दिवसांत परत घ्यावीच असं कायद्यात काही नाही. ती सात दिवसांची सोय त्यांनी स्वतःहून दिली, तर त्यांची अट पाळायला हवी. हे ऐकून मी आणखी खचले. मग म्हणाली —

"पण ती अट, तुमचं मन बदललं तर. तुमचं मन बदललंय का?"

"नाही हो! मला फार आवडते ती."

"मग तुमची तक्रार वेगळी आहे. अपघात झालेली गाडी 'झालेली नाही' म्हणून विकली. ही फसवणूक. ती किती किलोमीटरनंतर उघडकीला आली, याने ती कमी होत नाही."

मी तिला ते परत म्हणायला लावलं. तिने म्हटलं. मग विचारलं, घेतली कोणाकडून? शेजारपाजाऱ्याने आपली गाडी विकली असती तर ग्राहक कायद्याचा उपयोग झाला नसता, पण याचा तर धंदाच हा. आधी लेखी कळवा, पैसे परत मागा. नाही ऐकलं तर अलिबागला जिल्हा आयोग आहे, तक्रार घरबसल्या ऑनलाइन करता येते. आणि तोवर ती गाडी चालवू नका, मॅडम. शेवटचं वाक्य तिने जरा आईसारखं म्हटलं. माझ्या मुलीच्या वयाची असेल.

फोन ठेवला आणि घरात एकटीच नाचले. मन बदललं तर मुदत. खोट्याला कसली मुदत!

संध्याकाळी पत्र लिहिलं. सुवाच्य. एक काना वाकडा नाही.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

अरे देवा, आज काय झालं! हसून हसून बरगड्या दुखतायत, तरी लिहून काढते.

मी आणि हेतल विचुंब्याला. एका हातात पत्र, दुसऱ्या हातात पिशवीत तो बोळा. आज सखूबाईही होती, टेबलाशी. मी पत्र तुळशीरामपुढे ठेवलं आणि काउंटरवरचा आवाज काढला. म्हटलं, तुमच्या तीनशे किलोमीटरची गोष्टच मी करत नाही. मला गाडी पसंत आहे. तुम्ही सांगितलंत ते खोटं निघालं, म्हणून परत करतेय. अपघात नाही म्हणालात, झालाय. बॅगा आहेत म्हणालात, नाहीत.

तो म्हणाला, "ताई, मना कसा म्हायती? मी लिलावातून घेतली. जशी आली तशी इकली. आत काय भरलंय ते मना काय ठावं?"

वाटलं, झालं, अडकलं. खरंच माहीत नसेल तर? म्हटलं, हे बघा तरी काय भरलंय. आणि पिशवी टेबलावर उलटी केली.

सखूबाईने नुसती मान वर केली. मग हातातले वाल खाली ठेवले. बोळ्याचं टोक धरलं, झटकलं, उजेडात धरलं.

"ही माजी साडी हाय."

तिने बुट्टीवरून अंगठा फिरवला.

"ही माज्या भावानं भाऊबीजेला दिलेली साडी हाय! मी घर पालथा घातला तिच्यासाठी! तू बोल्लास, चोरानं दोरीवरची न्हेली!"

"अगं, फाटली व्हती—"

"फाटली नव्हती! तू फाडलीस!"

हेतलने माझा दंड इतका घट्ट धरला होता की वळ आहे अजून. बघायचं कुठे कळेना. मी छपराकडे बघितलं. सखूबाई उठली. म्हणाली, "या बाईला तू काय बोल्लास? ठोकलेली नाय बोल्लास ना? म्हंजे तुला म्हायती व्हता. तुज्या हातानं चिंधी कोंबलीस आन् आमी खोटा बोलत नाय बोल्लास. माज्या बापाच्या जागेत बसून!" मग एकदम आवाज खाली आणून म्हणाली, "आन् ही बाई मेली असती तर? बॅगच्या जागी माजी साडी गावली असती पोलिसांना."

तुळशीराम खुर्चीत बसला. खरंच लहान दिसायला लागला. बराच वेळ हाताच्या अंगठ्या फिरवत राहिला. मग माझ्याकडे न बघता म्हणाला, "चुकलो, ताई. बॅगा लय म्हाग. बोल्लो, कोन उघडून बगतंय."

"आम्ही बघितलं," हेतल म्हणाली.

पैसे उद्या खात्यात, सगळे. गाडी तो स्वतः येऊन टो करून नेणार. लिहून घेतलं. सही, शिक्का, आणि साक्षीदार म्हणून सखूबाईचा अंगठा नाही, चांगली ठसठशीत सही! निघताना तिने पुडीत सोललेले वाल बांधून दिले. "तुमी भली बाई. मना माजी साडी मिलाली."

रिक्षात बसेपर्यंत दोघी गंभीर. रिक्षा वळली आणि फुटलोच. रिक्षावाल्याने आरशातून विचारलं, "मॅडम, लग्न ठरलं का कोणाचं?"

१९ नोव्हेंबर, बुधवार

पैसे आले. गाडी गेली. टोच्या दोराला बांधून, पुढचं तोंड वर करून, मोरपिशी. वाटलं होतं त्यापेक्षा जास्त वाईट वाटलं. तिची काय चूक?

दुपारी हे आले. उन्हाने काळे, हातात मोजड्या, माझ्या मापाच्या नाहीत. जेवू दिलं आणि मग एका दमात सगळं सांगितलं. वडाळे तलाव, लायसन्स, उरण, अलिबाग, चिंधी.

ताटावरच बसून राहिले. हात वाळले. म्हटलं, आता येणार ते वाक्य.

"मला विचारलं असतंस—"

"तर घेऊ दिली नसतीत."

विचार केला त्यांनी. खरंच केला. "नसती दिली," म्हणाले. मग — "ते साडीचं परत सांग."

तीन वेळा सांगायला लावलं. तिसऱ्या वेळी ठसका लागला.

चारुतालाही फोनवर सांगितलं. साडीला हसली, पण थोडीच. मग विचारलं, "पण आई, तीनशे किलोमीटर होऊन गेले होते ना?" म्हटलं, होऊ देत. मी थोडंच मन बदललं म्हणून गेले होते? त्यांनी खोटं सांगितलं. खोटं आज कळो नाहीतर वर्षाने कळो. पलीकडे इतकी शांतता की मी विचारलं, फोन कटला का? मग म्हणाली, "नाही, आहे मी."

२० नोव्हेंबर, गुरुवार

हे सकाळपासून फोनवर. आधी ऑफिसातले जोशी, मग जैसलमेरची सगळी गँग. "आमच्या हिने काय केलं माहितेय का!" मधेच मला हाक — "शशी, आयोग कुठे, अलिबागला ना?" अलिबागला म्हटलं. "मी सांगतोय ना, अलिबागला!"

संध्याकाळी म्हणाले, पुढची गाडी बघायला मीही येतो.

या म्हटलं. मागे बसा.

हसले. "तुला जमतं गं," म्हणाले. पेपर पुढे धरून म्हणाले, तरी ऐकू आलं!

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

सकाळी चारुताचा फोन. वरदला, म्हणजे जावयाला, नोकरी नाहीच. लग्नाच्या आधीच गेली होती. त्याला माहीत, त्याच्या आईवडिलांना माहीत, आम्हाला कोणी सांगितलं नाही. रोज लॅपटॉपची बॅग घेऊन निघतो तो मित्राकडे बसायला. हिला गणपतीत कळलं. "मला वाटलं, लग्नाला आता वर्ष होत आलं, आई. आता काय बोलायचं."

मग म्हणाली, "घ्यायला येशील?"

हेतलने त्यांच्या गाडीची किल्ली हातात ठेवली. कशाला, विचारलं नाही. एक्स्प्रेस-वेवर मी अजून कधी गाडी चालवलेली नाही.

हे चपला घालून दारात उभे. म्हणाले, सामान बांधायला चादरी घेऊ का?

म्हटलं, चार घ्या.